परमुलखातला शिपाई आणि महेशस्थलाचे व्रत

(हबीबगंज, भोपाळ येथे श्रावणमासातील अनुभाव-सत्संगात झालेल्या प्रवचनाचे शब्दांकन)



माया म्हटली की आपल्याकडे तीन नावे ठरून गेलेली आहेत. धन, स्त्री आणि भूमी. कोणत्याही कीर्तनाला जा, कोणत्याही पारावर बसा, ही तीन नावे येणारच, आणि त्यांतले मधले नाव जरा मोठ्याने घेतले जाणार. अल्लमप्रभुदेवांनी मात्र ही यादीच मान्य केली नाही. त्यांच्या एका सुप्रसिद्ध वचनाचा आशय असा आहे की, लोक ज्या तिघांकडे बोट दाखवितात तिथे माया नाहीच. माणसाच्या मनासमोर जी आशा उभी राहते तिथे ती आहे. एवढेच. हे वचन बहुतेकांना पाठ आहे, आणि पाठ असलेल्या गोष्टीचा आपण विचार करणे सोडून देतो. आज हे वचन मठाच्या सभामंडपातून उचलून आपल्याला एका निराळ्याच ठिकाणी न्यायचे आहे. घरापासून हजारो कोस दूर, युद्ध चालू असलेल्या मुलखात, भाषा न समजणाऱ्या शहरात, खिशात पगार आणि हातात एका दिवसाची सुटी घेऊन उभा असलेला वीस-बावीस वर्षांचा शिपाई. त्याच्याजवळ बसून हे वचन वाचले तर त्याचा अर्थ काय होतो?

हा विषय मी शोधून आणलेला नाही. तो या हबीबगंजनेच पुढे केला. इथल्या रेल्वे स्थानकाचे नाव २०२१ साली राणी कमलापती झाले, पण वस्तीला आपण अजून हबीबगंजच म्हणतो. इथे जमणाऱ्या आपल्या मंडळींत कुणी रेल्वेतले, कुणी भेलमधले, कुणी लातूर-उदगीरकडून दोन पिढ्यांपूर्वी आलेले. भोपाळ हे तलावांचे शहर तसे लष्कराचेही शहर आहे. २१ व्या कोअरचे मुख्यालय इथे आहे, बैरागढला ई.एम.ई.चे शिक्षण केंद्र आहे. त्यामुळे आपल्यापैकी काही घरांतील मुले सैन्यात आहेत, यात नवल नाही. परवा अनुभाव संपल्यावर एक माउली मागे थांबल्या. त्यांच्या मुलाचे नाव संयुक्त राष्ट्रांच्या शांतिसेनेत परदेशी जाणाऱ्या तुकडीत लागले आहे. त्या म्हणाल्या, “अप्पाजी, गोळीची भीती मला कमी वाटते. गोळी लागली तर सरकार कळवील. दुसरे काही झाले तर मला कोण कळवणार?”

दोन-तीन जणी पदराआड हसल्या. पण मला तो प्रश्न फार मोलाचा वाटला. आपण मुलाला सैन्यात पाठविताना त्याच्या शौर्याबद्दल बोलतो, पेन्शनबद्दल बोलतो, आणि या गोष्टीबद्दल मात्र बोलत नाही. बापाला लाज वाटते, आईला शब्द सापडत नाहीत. मग मुलगा जे काही शिकतो ते बरॅकीतल्या थोरल्या सोबत्यांकडून शिकतो.

तेव्हा आज बोलू या.

हा प्रश्न नवा नाही. इथून सुमारे चाळीस किलोमीटरवर सीहोर आहे. इंग्रजी अमलात तिथे छावणी होती आणि भोपाळचे नाव धारण करणारी एक पलटण होती, ९ वी भोपाळ इन्फंट्री. १९१४ साली पहिले महायुद्ध पेटले तेव्हा ही पलटण समुद्रापार फ्रान्सला गेली आणि ऑक्टोबर १९१४ मध्येच न्यूव्ह शापेलच्या लढाईत तिची फार मोठी हानी झाली. या पलटणीसारख्या अनेक पलटणींतले जखमी हिंदी शिपाई इंग्लंडच्या दक्षिण किनाऱ्यावरील ब्रायटन शहरात उपचारासाठी नेले जात. तिथे राजाच्या जुन्या विलासमहालाचे, रॉयल पॅव्हेलियनचे, रुग्णालय केलेले होते. सरकारने शिपायांच्या धर्माची काळजी किती घेतली होती ते पाहा. निरनिराळ्या जाती-धर्मांसाठी नऊ स्वयंपाकघरे, हिंदू आणि मुसलमान यांच्यासाठी पाण्याचे निराळे नळ.

आणि धर्माची ही काळजी घेणाऱ्या सरकारने दुसरीही एक काळजी घेतली. त्याच शहरात किचनर यांच्या नावाचे दुसरे मोठे हिंदी रुग्णालय होते. त्याच्याभोवती काटेरी तारेचे कुंपण घातले, दाराशी पहारा बसविला. बरा झालेला शिपाईही परवानगीवाचून गावात जाऊ शकत नसे. कारण? शहरातल्या बायका. हिंदी शिपाई त्यांच्या नादी लागेल, किंवा त्या शिपायाच्या नादी लागतील, आणि साहेबाची अब्रू हिंदुस्थानात कमी होईल, ही धास्ती. तिथे काम करणाऱ्या हिंदी कर्मचाऱ्यांनाही हा पहारा फार झोंबला. त्या काळी सेन्सॉर कचेरीने तपासलेल्या शिपायांच्या पत्रांचे उतारे लंडनच्या ब्रिटिश लायब्ररीत जपलेले आहेत. आपण इथे कैद्यांसारखे राहतो, अशी तक्रार त्यांत वाचावयास मिळते. राजासाठी रक्त सांडले आणि राजाच्या गावात हिंडण्याची मुभा नाही!

आता या कुंपणाकडे शरणांच्या दृष्टीने पाहू. कुंपणाच्या आत बसलेल्या शिपायाच्या मनापुढची आशा कुंपणामुळे कमी झाली का? प्रभुदेवांचे वचन खरे असेल तर उलट झाले असणार. तार पायाला अडवते, आशेला अडवीत नाही. शिवाय त्या तारेने शिपायाला एक गोष्ट रोज शिकविली, ती अशी की, तुझ्यावर आमचा विश्वास नाही. ज्याच्यावर कुणाचा विश्वास नाही त्याने आपले शील कुणासाठी राखावे?

त्याच काळात फ्रान्समध्ये दुसरी एक गोष्ट घडत होती, आणि ती मला कुंपणापेक्षा फार बोधक वाटते. आघाडीच्या मागे विश्रांतीला आलेले शिपाई तिथल्या शेतकऱ्यांच्या घरांत उतरत. घरातले तरुण लढाईवर गेलेले, मागे राहिलेली म्हातारी. ती या काळ्यासावळ्या परक्या मुलाला गरम सूप देई, त्याचे कपडे सुकत घाली, आजारात उशाशी बसे. भाषा एकमेकांची कळत नसे. शिपायांनी घरी लिहिलेल्या पत्रांत अशा बायकांचा उल्लेख आई म्हणून येतो. काही शिपायांनी तर तिथल्या शिकलेल्या मुली पाहून गावी लिहिले की, आपल्या मुलींनाही शाळेत घाला. सगळेच असे वागले असे मी म्हणत नाही. काहींचे पाय घसरले, कुणी तिथे लग्नही केले. माणसे होती ती. पण एक फरक ध्यानात घ्या. जिथे समोरच्या बाईला नाते मिळाले, तिथे पहारेकरी लागला नाही.

आता कैरोची गोष्ट ऐका. हिच्यात आपले लोक नाहीत, पण हिच्यावाचून प्रभुदेवांचे वचन पुरते उलगडणार नाही. १९१५ साली ऑस्ट्रेलिया आणि न्यूझीलंडचे हजारो तरुण शिपाई इजिप्तमध्ये कैरोजवळ तळ देऊन होते. पहिल्यांदाच घर सोडलेली पोरे, हाती भरपूर पगार. शहरातल्या वेश्यावस्तीत त्यांची रीघ लागे. मग कुणाला रोग जडले, कुणाचे पैसे गेले, भेसळीच्या दारूने कुणी आजारी पडले. २ एप्रिल १९१५ ला, ख्रिस्ती लोकांच्या गुड फ्रायडेच्या दिवशी, या शिपायांच्या झुंडी त्या वस्तीत शिरल्या. त्यांनी माड्यांवरून खाटा-गाद्या रस्त्यात फेकल्या आणि पेटवून दिल्या. घरे जळली. तीन आठवड्यांनी, २५ एप्रिलला, याच मुलांना गॅलिपोलीच्या किनाऱ्यावर उतरविले गेले आणि त्यांतली कितीतरी परत आली नाहीत. त्यांची कीव येते.

पण त्या आगीकडे पाहा. काल ज्या दारात आपण स्वतःच्या पायांनी गेलो, तेच दार आज आपल्याला नासविणारे म्हणून जाळायचे! धन-स्त्री-भूमी या यादीचा शेवट हा असा होतो. माया बाईत आहे असे एकदा ठरले की, शिक्षाही बाईलाच होते. आशा मात्र शिपायाबरोबर छावणीत परत जाते, तिला आगीची धगही लागत नाही.

आपण म्हणू, ते गोरे सोजीर, आपला काय संबंध? संबंध आहे, आणि तो जवळचा आहे. परके शहर म्हटले की आपल्या डोळ्यांपुढे कैरो किंवा पॅरिस येते. पण आपली पुणे, बेळगाव, अहमदनगर, कामठी, महू ही शहरे इंग्रज शिपायाच्या दृष्टीने परकीच होती. या छावण्यांतून गोऱ्या पलटणींसाठी बायकांच्या वस्त्या सरकारी देखरेखीखाली ठेवलेल्या असत. त्यांना लाल बाजार म्हणत. १८६८ साली हिंदुस्थानात संसर्गजन्य रोगांचा कायदा आला. त्या कायद्याखाली या बायकांची नावे नोंदवून त्यांची सक्तीने तपासणी होई, आणि रोग आढळला की त्यांना ‘लॉक हॉस्पिटल’ नावाच्या इस्पितळात कोंडून ठेवीत. शिपायाला या कायद्याने कोंडले नाही. इंग्लंडात जोसेफिन बटलर बाईंसारख्यांनी अनेक वर्षे चळवळ केली, तेव्हा १८८८ मध्ये तो कायदा रद्द झाला. कोंडल्या गेलेल्या त्या बायका कोण होत्या? दुष्काळात गाव सोडलेल्या, नवऱ्याने टाकलेल्या, देवाच्या नावाने सोडलेल्या. आपल्याच मुलखातल्या, आपलीच भाषा बोलणाऱ्या. आपला मुलगा आज परक्या शहरात ज्या दारासमोर उभा आहे, त्या दारामागे अशीच कुणीतरी आहे.

बैरागढचेही एक उदाहरण इथल्या लोकांनी ध्यानात ठेवावे. दुसऱ्या महायुद्धात इंग्रजांनी आफ्रिकेत पकडलेल्या हजारो इटालियन सैनिकांना हिंदुस्थानात आणले, आणि त्यांच्या छावण्यांपैकी काही भोपाळजवळ बैरागढला होत्या. म्हणजे ज्या काळी इटलीची पोरे इथे तारेमागे बसून घरच्या पत्राची वाट पाहत होती, त्याच काळी आपली पोरे त्यांच्या इटलीत होती. सप्टेंबर १९४३ पासून हिंदी डिव्हिजनी इटलीत उतरल्या. त्यांत मराठा पलटणी होत्या. टायबर नदीच्या वरच्या खोऱ्यात १० जुलै १९४४ रोजी नाईक यशवंत घाडगे यांनी प्राण देऊन, आणि ९ एप्रिल १९४५ रोजी सेनिओ नदीकाठी शिपाई नामदेव जाधव यांनी जखमी सोबत्यांना खांद्यावरून आणून व्हिक्टोरिया क्रॉस मिळविला, हे आपण अभिमानाने सांगतो.

लढाईच्या दिवसांची अशी नोंद होते. सुटीच्या दिवसांची होत नाही. नेपल्स शहर १ ऑक्टोबर १९४३ ला दोस्तांच्या हाती आले तेव्हा बंदर उद्ध्वस्त होते, पाण्याचे नळ फोडलेले होते, आणि त्या हिवाळ्यात टायफसची साथ आली. भाकरीला माणूस महाग झाला. त्या शहरात चांगल्या घरच्या बायका, अजाण मुली, एखाद्या खाद्याच्या डब्यासाठी शिपायांपुढे उभ्या राहत, याची वर्णने तेव्हा तिथे असलेल्या अनेकांनी लिहून ठेवली आहेत. कुठे धाकटा भाऊच गिऱ्हाईक शोधायला रस्त्यावर. आता सांगा, सुटीवर आलेला, पाठीवरच्या पिशवीत बिस्किटांचा पुडा आणि मांसाचा डबा असलेला शिपाई आणि ती मुलगी, या दोघांत मोह कुणी कुणाला घातला? तिच्या मनापुढे कोणती आशा होती? भाकरीची. त्याच्या मनापुढे जी होती ती भाकरीची नव्हती. तिच्या भुकेचा उपयोग करून घेणे, याला आपण ‘मोहाला बळी पडणे’ असे गोड नाव देतो. बळी कोण पडले?

इथेच मला सदाचार आणि भृत्याचार यांची गाठ दिसते. पंचाचारांत या दोन गोष्टी निराळ्या सांगितल्या असल्या तरी परमुलखात त्या वेगळ्या करताच येत नाहीत. सदाचार म्हणजे केवळ स्वतःला निर्मळ ठेवणे असे धरले, तर माणूस ब्रायटनच्या त्या नऊ स्वयंपाकघरांपाशी येऊन थांबतो. माझे पाणी निराळे, माझी चूल निराळी, माझा देह शुद्ध. पण भृत्याचार म्हणतो की, जो कोणी समोर आला आहे त्याचा तू सेवक आहेस. भुकेल्या मुलीसमोर उभ्या असलेल्या शिपायाला डोळे मिटून पळून जाण्याचाच मार्ग आहे असे नाही. पिशवीतला डबा तिच्या हाती देऊन पुढे जाता येते. हा दासोह आहे. दासोहात देणारा घेणाऱ्याकडून काही मागत नाही.

आशा देहाचीच असते असेही नाही. ठाकूर गदाधरसिंह नावाचे ७ व्या रजपूत पलटणीतले एक शिपाईगडी १९०० साली चीनमध्ये गेले होते. बॉक्सर बंड मोडायला अनेक राष्ट्रांच्या फौजा पेकिंगमध्ये शिरल्या आणि त्या शहराची अपरिमित लूट झाली. राजवाडे सुटले नाहीत, गरिबांची घरेही सुटली नाहीत. त्या लुटीचे आणि अत्याचारांचे वर्णन गदाधरसिंहांनी ‘चीन में तेरह मास’ या हिंदी पुस्तकात केले आहे. ज्यांच्याशी लढायला गेले त्या चिनी लोकांबद्दल त्यांच्या मनात कणव उत्पन्न झाली. सरकारच्या पगारात असूनही त्यांनी ती झाकली नाही. इथल्या हिंदी जाणणाऱ्या तरुणांनी हे पुस्तक मिळवून वाचावे. दार उघडे आहे, मालक पळून गेला आहे, सगळेच घेत आहेत, मग मी एक चांदीचा पेला घेतला तर काय झाले, हा विचार शिपायाच्या मनात येणे अगदी सोपे. आयदक्की मारय्यांनी तर लूट केली नव्हती. सांडलेले तांदूळ वेचण्याचे त्यांचे कायकच होते. एके दिवशी रोजच्यापेक्षा थोडे अधिक आणले, तर लक्कम्मांनी ते परत नेऊन टाकायला लावले. सांडलेले तांदूळ! ज्या घरात अशी लक्कम्मा आहे त्या घरच्या शिपायाच्या ट्रंकेत परक्याचा पेला येणार नाही. आणि घरीच जर ‘फॉरेनहून काय आणले’ एवढेच विचारले जात असेल, तर त्या मुलाला दोष देण्यापूर्वी आपण थोडे थांबावे.

आता महेशस्थलाविषयी. षट्स्थलांत भक्तानंतर महेश येतो. भक्ताजवळ श्रद्धा असते, महेशाजवळ निष्ठा. परधन, परस्त्री आणि परदैव यांपासून मन वळविणे हे महेशाचे लक्षण आपल्या आचार्यांनी सांगितले आहे. वीरवृत्ती इथेच येते. मला वाटते, शिपायाच्या आयुष्याला सर्वांत जवळचे असे हेच स्थल आहे, कारण शिपायाला निष्ठा म्हणजे काय ते शिकवावे लागत नाही. पहाटे दोन वाजता, पावसात, कुणी पाहत नसताना जो नाक्यावर जागा राहतो, त्याला व्रताचा अर्थ ठाऊक आहे. तीच जाग त्याने सुटीच्या संध्याकाळीही ठेवायची आहे, इतकेच.

आणि त्यासाठी त्याच्यापाशी साधन आहे. आपले दैवत डोंगरावर राहिले असते तर मुलगा विमानात बसला की दैवत मागे राहिले असते. बसवण्णांनी ते तळहातावर दिले, गळ्यात दिले. इष्टलिंग लष्करी गणवेशाच्या आत, छातीशी असते. परक्या शहरात भाषा परकी, अन्न परके, हवा परकी, पण ते एक परके नाही. मात्र ते ताइतासारखे नुसते गळ्यात असून भागत नाही. रोज थोडा वेळ त्याला तळहातावर घेऊन पाहावे लागते. ज्या हातावर सकाळी लिंग होते, तो हात संध्याकाळी कुठे जातो, हा प्रश्न मग दुसऱ्या कुणी विचारावा लागत नाही. छावणीत पाणी कमी असेल, एकांत नसेल, सर्व उपचार जमणार नाहीत. न जमोत. पाच मिनिटे जमतील.

काही साध्या गोष्टी सांगतो. पगाराचा मोठा भाग महिन्याच्या पहिल्याच दिवशी घरी जावा. हाती उरलेला पैसाच पाय वळवितो. सुटीला एकट्याने किंवा मोठ्या टोळक्याने जाऊ नये. टोळक्यात माणसाला स्वतःचे मन उरत नाही, कैरोची आग टोळक्यांनीच लावली. एक सोबती असा ठरवावा ज्याच्यापुढे खोटे बोलता येणार नाही. तो कोणत्याही जातीधर्माचा असो, त्या मुलखात तोच जंगम. दारू पहिल्याच दिवशी नाकारावी. दहाव्या दिवशी नाकारणे कठीण जाते, सोबती तेव्हा ऐकत नाहीत.

मोबाइलविषयीही सांगितले पाहिजे. पूर्वी शिपाई परक्या शहरात जात असे, आता परके शहर शिपायाच्या खिशात येते. ओळख नसलेली बाई गोड बोलते, छायाचित्रे धाडते, मग हळूच तुकडी कुठे आहे ते विचारते. पुष्कळदा ती बाईही नसते. शत्रूच्या या जाळ्यात काही जवान सापडले आणि तुरुंगात गेले. जुलै २०२० मध्ये लष्कराने फेसबुक-इन्स्टाग्रामसह ८९ अ‍ॅप मोबाइलमधून काढून टाकण्याचा हुकूम जवानांना दिला. हुकूम योग्यच होता, तो पाळलाच पाहिजे. तरीही ब्रायटनची तार आठवते. नव्वदावे अ‍ॅप निघायला किती वेळ लागतो?

शांतिसेनेला जाणाऱ्यांसाठी संयुक्त राष्ट्रांनी २००३ साली नियम काढला आहे. पैसा, अन्न, मदत किंवा नोकरी यांच्या बदल्यात शरीरसंबंध आणि अठरा वर्षांखालील कुणाशीही संबंध पूर्णपणे निषिद्ध आहे. असा नियम काढावा लागला, कारण ज्यांच्या रक्षणाला सैनिक गेले त्यांच्याच मुलींना सैनिकांपासून उपद्रव झाला. काँगोसारख्या देशांत अनेक देशांच्या तुकड्यांवर आरोप झाले, आपल्याही देशाच्या तुकड्यांवर झाले. हे बोलायला कडू आहे. पण मुलाला निरोप देताना त्याच्या आईबापांना हे ठाऊक असावे.

प्रभुदेवांच्या चरित्रातच या प्रश्नाची दोन उत्तरे आहेत, आणि आपण बहुधा एकच सांगतो. चामरसकवींच्या प्रभुलिंगलीलेत माया बनवासी नगरीत ममकार राजाची कन्या होऊन जन्मते. प्रभुदेव तिथे मद्दळे वाजविणारे बनून येतात. ती नाचते, ते वाजवितात, ती त्यांना धरू पाहते आणि तिच्या हाती काहीच लागत नाही. फार सुंदर कथा. राजाचे नाव ममकार ठेवण्यातच कवीने सारे सांगून टाकले आहे. पण त्यापूर्वीच्या हरिहरकवींच्या रगळेत प्रभू निराळे दिसतात. तिथे अल्लम हा तरुण वादक कमलतेच्या प्रेमात पडतो, तिच्याशी संसार करतो, आणि ती तापाने मरते. तो शोकाने वेडापिसा होऊन रानोमाळ भटकतो. शरणांत यावरून पुष्कळ वाद झाले. प्रभूंना असे दाखवावे काय, असे अनेकांना वाटले. मला विचाराल तर, पहिली कथा निघणाऱ्या शिपायासाठी आहे, आणि दुसरी परतणाऱ्या शिपायासाठी.

कारण सगळेच काही धरल्या न जाणाऱ्या प्रभूंसारखे परत येत नाहीत. काही घसरून येतात. त्यांचे काय? त्या माउलींनी हा प्रश्न विचारला नाही, पण त्यांच्या तोंडावर तो होता. आपल्या अनुभवमंटपात सूळे संकव्वा होत्या. शरीरविक्रीच्या धंद्यातून आलेल्या. त्यांनी आपल्या देवाला ‘निर्लज्जेश्वर’ म्हटले आणि जुन्या धंद्यातली बोली, म्हणजे एकाचे पैसे घेतल्यावर दुसऱ्याचे घ्यायचे नाहीत ही बोली, तीच आपल्या व्रताची भाषा केली. शरणांनी त्यांचे वचन जपले. जिथे संकव्वांना जागा मिळाली तिथे आपल्या मुलाला मिळणार नाही काय?

मात्र त्याने लपवू नये. परतल्यावर शंका असेल तर आधी लष्करी डॉक्टरांकडे जाऊन रक्त तपासून घ्यावे. त्यापूर्वी पत्नीजवळ जाऊ नये. एड्सने मागे कितीतरी घरांत अशा बायकांचा बळी घेतला, ज्यांनी उंबराही ओलांडला नव्हता. आज औषधे आहेत, पण ती सांगणाऱ्याला मिळतात, लपविणाऱ्याला नाही. पत्नीला खरे सांगावे आणि तिने काय करावे हे तिच्यावर सोडावे. तिने क्षमा केलीच पाहिजे, असे मठाने किंवा सासूने तिला सांगू नये. आणि त्या परक्या शहरात कुणी मूल मागे राहिले असेल, तर तेही कुणाचे तरी नातवंड आहे, हे घरातल्या वडीलधाऱ्यांनी विसरू नये.

हरिहरांच्या कथेत अल्लम भटकत असताना पायाच्या अंगठ्याने जमीन उकरतो आणि मातीत सोन्याचा कळस लागतो. खणतो तर खाली देऊळ, आणि आत अनिमिषय्या, हातावर लिंग घेऊन बसलेले. केस पिंजारलेला, धुळीने माखलेला, मेलेल्या बाईचे नाव घेत आलेला तो तरुण समोर उभा राहतो. अनिमिषय्या त्याला काही विचारत नाहीत. हात पुढे करून ते लिंग त्याच्या हातावर ठेवतात.

शरणु शरणार्थी.